पळपुटे या आडनावाची व्यवस्था

मी, खाली डाव्या हाताचा अंगठा उमटवणारी, धंदा पाट्यांची अक्षरे रंगवणे, राहणार दुकानाच्या मागच्या खोलीत, आज पूर्ण शुद्धीत हे मृत्युपत्र सांगते आहे आणि लेखनिकबाई ते लिहून घेत आहेत. कचेरीच्या कागदांवर माझं जे लांबलचक नाव आहे ते त्यांनी समासात वेगळं टिपलं आहे. त्या नावाने मला आयुष्यात फक्त दवाखान्याच्या रांगेत हाक मारली गेली, आणि तेव्हाही मी ओ दिली नाही. मागच्या बाईने कोपराने ढोसलं तेव्हा कळलं की ती मीच. मला सगळे ठिपका म्हणतात. का म्हणतात ते पुढे येईल.

वय काय लिहू, असं बाईंनी विचारलं. शोभेल तेवढं लिहा, असं मी सांगितलं. डोकं ठिकाणावर आहे ना हे पाहायला त्यांनी आजचा वार विचारला. तो मी सांगितला, आणि त्यांच्या चष्म्याची डावी काडी दोऱ्याने बांधली आहे हेही सांगितलं. कुणी मला धाकदपटशा केलेला नाही. लाडीगोडी मात्र झाली आहे, आणि ती नातवाने केली आहे.

मी काही मरायला टेकलेली नाही. उद्या सकाळी एका औषधाच्या दुकानाची पाटी भरायची आहे आणि निळा रंग आधीच कालवून ठेवला आहे. पण नातवाने माझा अंगठा मागितला आहे. घरातली सगळी मंडळी, दुकानाची पाटी आणि या आठवड्यात जन्मणारं त्याचं बाळ, सगळ्यांचं आडनाव बदलायला माझी संमती आहे, असा कागद त्याने करून आणला आहे. कचेरीला माझा अंगठा लागत नाही म्हणे. पण या घरात लागतो, आणि नातू पाठीमागून काही करणारा नाही, म्हणून तो मागायला आला. मी म्हटलं, अंगठा एकच आहे, आधी माझा कागद सुरू होईल, मग तुझ्या कागदाचं बघू. त्याचा कागद इथे टेबलावर रंगाच्या डब्याखाली दाबून ठेवला आहे. तो स्वतः दाराबाहेर उभा आहे. त्याच्या बुटांची करकर ऐकू येते आहे. येऊ दे.

कलम पहिले. हे घर, म्हणजे खाली दुकान आणि मागची खोली, वर दोन खोल्या आणि गच्ची, माझ्या पश्चात माझा मुलगा आणि सून यांना निम्मंनिम्मं द्यावं. मुलगा जन्मला तेव्हा माझ्या यजमानांनी, म्हणजे पेंटरांनी, शोधून शोधून त्याला असं नाव दिलं की ज्याचा अर्थ होतो वाणीवर ज्याची हुकमत आहे असा. पोरगा मोठा झाला आणि ‘बरं’ एवढाच शब्द बोलू लागला. आता आख्खी गल्ली त्याला बरं म्हणते. लग्न ठरलं तेव्हाही तो बरं म्हणाला, बाप गेला तेव्हाही बरंच म्हणाला, पण तेव्हा भिंतीकडे तोंड करून म्हणाला.

सुनेला आम्ही पाहुणी म्हणतो. नवी नवरी आली त्या दिवशी तिने पिशवी उघडलीच नाही. म्हणाली, ‘बघते दोनचार दिवस, जमलं तर राहते.’ असं तोंडावर सांगणारी सून मी पहिल्यांदाच पाहिली आणि मला ती तिथल्या तिथे आवडली. तिला अजून जमतंय की नाही ते तिने सांगितलेलं नाही. सबब घराचा अर्धा हिस्सा तिच्या नावे लिहून देते आहे, म्हणजे पाहुणीला निदान स्वतःच्या घरात तरी पाहुणचार मिळेल.

कलम दुसरे. दुकानाचा धंदा, शिड्या, हात टेकायची काठी, खारीच्या शेपटीचे ब्रश आणि रंगांचे डबे मुलाला. तो अक्षर काढतो, मी भरते. त्याच्या बापाबरोबरही असंच चालायचं. पेंटर खडूने रेघ मारायचे, अक्षराची कड काढायचे, आणि आतला रंग मी भरायची. मला अक्षर येत नाही, पण त्यांची पोटं मी भरली आहेत. कुठलं अक्षर गर्भार आहे, कुणाची कंबर बारीक आहे, कोण शेजाऱ्याला खेटून बसतं, हे मला विचारा.

आमच्या धंद्यात एक रीत आहे. अक्षरं काढून झाली की पाटी उलटी धरायची. सुलटी धरली की माणूस वाचायला लागतो, आणि वाचायला लागला की बघायचं थांबतो. उलटी धरली की कोणतं अक्षर जास्त ऐसपैस बसलंय ते लगेच दिसतं. पेंटर उलटी पाटी धरून माझ्याकडे बघत म्हणायचे, ‘तुझी चैन आहे. तुला सुलटीसुद्धा उलटीच.’

या रीतीपायी एकदा मोठी गंमत झाली. दातांच्या डॉक्टरांची आणि समोरच्या कुलूपवाल्याची, दोघांची पाटी एकाच आठवड्यात आली. पेंटरांनी दोन्ही उलट्या धरून इतक्या प्रेमाने पाहिल्या की कोणती कुणाची हे वाचायचंच राहून गेलं. पहाटे जाऊन दोन्ही टांगून आले. सकाळी एक गाल सुजलेला माणूस कुलूपवाल्याच्या दुकानात शिरला आणि आ करून बसला. कुलूपवाल्याने कानस खाली ठेवली, आत नीट बघितलं आणि म्हणाला, ‘किल्ली आत नाही. समोर विचारा.’ समोर तोवर एका बाईने कपाटाचं कुलूप डॉक्टरांपुढे ठेवलं होतं, आणि डॉक्टरांनी दात उपटायच्या चिमट्याने ते उघडलंही होतं. पाट्या दुपारपर्यंत तशाच राहिल्या, कारण दोघांनाही मजा वाटायला लागली होती. तेव्हापासून दोघं जिवाभावाचे मित्र आहेत, आणि आज या कागदाला साक्षीदारही तेच आहेत. डॉक्टर म्हणतात, ‘पाटी कुणाचीही लावा, हात ज्याचा त्याचाच.’ हे वाक्य नातवाने लक्षात ठेवावं म्हणून इथे घातलं आहे.

ज्या पाट्या लोकांनी करायला टाकल्या आणि नेल्याच नाहीत, त्या माळ्यावर आहेत. त्या फोडू नयेत, पुसून दुसऱ्याही करू नयेत. माणूस कधीही येऊ शकतो. या पाट्यांपायी मला इतकी नावं कळली की वाचता येणाऱ्यांना कळली नसतील, कारण वाचता येणारा वाचून पुढे जातो, मी विचारत बसायची. अहो, तुमचं आडनाव म्हणजे काय? लोक सांगायचे. एकाच्या आडनावाचा अर्थ तेल गाळणारा, आणि तो स्वतः विमानांची यंत्रं दुरुस्त करायचा. त्याच्या हातालाही तेलच होतं म्हणा. एकाच्या आडनावात त्याच्या गावाचं नाव होतं. ते गाव धरणाच्या पाण्याखाली गेलेलं. तो म्हणाला, ‘ठळक रंगवा. आमचं गाव आता दारावरच राहतं.’ एकाचं आडनाव आळशी अशा अर्थाचं. तो पहाटे सगळ्यांत आधी येऊन आमचं दार वाजवायचा आणि पेंटर पांघरुणातून म्हणायचे, ‘आला का आळशी!’

आणि एक बाई आली होती. घरात मुलींवर मुली झाल्या म्हणून आईबापांनी तिचं जे नाव ठेवलं होतं त्याचा अर्थ, ही नको होती. आता तिने स्वतःचं औषधाचं दुकान काढलं होतं. मी म्हटलं, बाई, नाव बदलून घ्या की, दुकान तुमचं, पाटी तुमची. ती म्हणाली, ‘छे! हेच लिहा. आणि एवढं मोठं लिहा की ज्यांनी ठेवलं त्यांना रस्त्यापलीकडून वाचता यावं.’ त्या अक्षरांत मी रंगाचे दोन हात जास्त दिले. त्याचे पैसे लावले नाहीत. उद्या जी पाटी भरायची आहे ती तिचीच, दुसऱ्या दुकानाची.

कलम तिसरे. माझं ऐकायचं यंत्र नणंदबाईंना द्यावं. ऐकायची सवय तेवढी त्यांनी आपल्या पदरची घालावी.

आता ठिपक्याचं. लग्नाच्या नोंदीला सही करायची होती. मी लेखणी टेकवली ती उचललीच नाही, आणि कागदावर शाईचा एक गोल ठिपका पसरला. नणंदबाई सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, ‘वहिनी कसली आणलीस रे, ठिपका आणलास!’ लोक हसले. दुसऱ्या दिवशी मी पहिली पाटी भरली. तेव्हा पेंटरांनी ब्रश पुन्हा माझ्या हातात दिला आणि पाटीच्या उजव्या कोपऱ्यात बोट ठेवलं. ‘इथे तो कालचा ठिपका काढ. भागीदाराची सही पाहिजे.’ तेव्हापासून या शहरात जितक्या दारांवर आमची पाटी आहे तितक्या दारांवर माझा ठिपका आहे. नणंदबाईंच्या दारावरही आहे. पाटी फुकट करून दिली होती, ती त्यांनी घेतली, ठिपक्यासकट.

हा ठिपका मी कुणाला देत नाही. टोपणनाव ज्याचं त्याने कमवायचं असतं. माझ्यामागे पाटीवर नवी खूण काय टाकायची ते मुलाने आणि सुनेने ठरवावं. मुलगा काय म्हणेल ते मला आत्ताच ऐकू येतं आहे.

कलम चौथे. मागच्या खोलीतली खाट, आरसा, माझे कपडे आणि लोखंडी पेटी पाहुणीने ज्याला हवं त्याला द्यावं. पेटीत काही नाही. ती कायम कुलूप लावून ठेवली ती एवढ्यासाठीच की नणंदबाईंना झोप लागू नये.

कलम पाचवे. आता आडनाव.

आमचं आडनाव पळपुटे. ते दुकानावर लाल अक्षरांत आहे आणि दर दोनतीन वर्षांनी मी ते नव्याने भरते. नातवाने त्याऐवजी सिंहगर्जे असं आडनाव निवडलं आहे. छान आहे. भरायला भरपूर जागा आहे. फक्त एवढंच की घरात झुरळ दिसलं की हा सिंहगर्जे खुर्चीवर चढतो.

इथे दार उघडलं आणि नातू आत आला. बाईंनी लिहायचं थांबवलं. मी म्हटलं, थांबू नका, मृत्युपत्र चालूच आहे.

‘आजी, झुरळाचं कशाला लिहितेस? एकदाच झालं होतं ते.’

‘बाई, लिहा. एकदाच, असं त्याचं म्हणणं.’

‘हे कायद्याचं कागदपत्र आहे, आजी!’

‘मग खरंच लिहायला हवं की नाही?’

नातवाला आम्ही साहेब म्हणतो, कारण चालायला लागल्यापासून तो हात पाठीमागे बांधून चालतो. त्याच्या वेळेला नाव निवडायचं काम बापाने केलं. त्या नावाचा अर्थ होतो जागचा न हलणारा. नाव आणि आडनाव एकत्र वाचलं की काय होतं हे ‘बरं’च्या ध्यानात आलं नाही. पहिलं म्हणतं मी हलणार नाही, दुसरं म्हणतं मी थांबणार नाही. नावं ठेवण्याच्या बाबतीत आमच्या घराला यश नाही, हे मी कबूल करते.

साहेब विमा कचेरीत आहे आणि आता त्याला स्वतःची खोली मिळाली आहे. दारावर पाटी लागायची आहे. मी हसत होते, तो हसत नव्हता. तो समोरच्या स्टुलावर बसला आणि म्हणाला, ‘तुला हसू येतं. परवा बैठकीत आमचे वरिष्ठ म्हणाले, विम्याचे हप्ते पळपुट्यांच्या ताब्यात देताय, दार लावून घ्या. सगळे हसले. मीपण हसलो. मला रोज हसावं लागतं, आजी. दुसऱ्यांनी हसायच्या आत मी आधी हसून घेतो. उद्या माझं पोरगं शाळेत जाईल. हजेरी होईल. त्यालाही हेच शिकवू का, की बाबा, सगळ्यांच्या आधी तू हसून घे?’

हेही लिहा, असं मी बाईंना सांगितलं.

मग मी त्याला म्हटलं, हे आडनाव कुठून आलं ते तुला ठाऊक आहे का? तो म्हणाला, आमचा कुणीतरी पूर्वज पळाला. आणि उठून उभा राहिला. लहानपणापासून असंच आहे. गोष्ट ‘तो पळाला’ इथपर्यंत आली की हाही पळतो. पुढचं त्याने कधी ऐकलेलंच नाही. या खेपेलाही तो बाहेर गेला आणि करकर सुरू झाली. म्हणून जे तो ऐकत नाही ते मी इथे लिहवून ठेवते.

दीर सांगायचे, पूर्वज लढाईतून पळाला. पेंटर सांगायचे, सासऱ्याला भिऊन पळाला. सासूबाईंनी मला चुलीपाशी सांगितलं ते असं. पेंटरांच्या आजोबांचे आजोबा, किंवा त्यांचेही आजोबा, सासूबाईंना आकड्यांचं वावडं होतं, गवंड्याच्या हाताखाली विटा वाहायचे. धान्याचं मोठं कोठार बांधायचं काम चालू होतं. दुपारी सगळे मजूर उंच भिंतीच्या सावलीला जेवायला बसले. आमच्या माणसाच्या घासात माती पडली. त्याने वर बघितलं. विटांच्या सांध्यातून बारीक माती गळत होती. तो ओरडला असता तर पुढे त्याला थोर म्हटलं असतं. पण तो ओरडला नाही. त्याची वाचाच बसली. तो उठला आणि पळाला, हातातल्या घासासकट, ताट तिथेच टाकून. बाकीच्यांना वाटलं, ह्याला विंचूबिंचू दिसला. ‘अरे ए पळपुट्या!’ म्हणून कुणीतरी हाक मारली, आणि हा किती लांब जातो ते बघायला सगळे उठून मोकळ्यावर आले. मुकादमही आला. शेताच्या मधोमध उभा राहून आमचा माणूस थरथरत होता आणि ते पोट धरून हसत होते. तेवढ्यात मागे भिंत कोसळली. सगळ्यांची ताटं भिंतीखाली गेली. माणूस एकही गेला नाही. हसायला बाहेर आले म्हणून वाचले.

त्या संध्याकाळी मजुरी वाटताना मुकादमाने त्याला त्याच नावाने हाक मारली आणि सगळ्यांनी उठून त्याला पुढे ढकललं. ते नाव चिकटलं. तो शूर नव्हता. भित्राच होता. भित्रा होता म्हणून त्याने वर बघितलं.

खरं काय ते मला माहीत नाही. मी भिंत बघायला गेले नव्हते. पण तीन गोष्टींतली जिच्यात सगळे जिवंत घरी जातात ती मी ठेवून घेतली.

एवढं सांगून होतंय तोवर नातसून वरून खाली आली, एक हात कठड्याला, एक पोटाला. ती लहान मुलांच्या दवाखान्यात काम करते, दारात उभं राहून एकेकाचं नाव पुकारते आणि सुई टोचते. तिने नवऱ्याला हाताला धरून आत आणलं आणि म्हणाली, ‘तुझा कागद मी वाचला. मला एक सांग. मला कुणी विचारलं का?’

‘तुला काय अडचण आहे? तू तर माहेरची किती भारदस्त आडनावाची. खजिनदारांचं घराणं तुमचं.’

‘भारदस्त होतं म्हणून कुणाच्या लक्षात राहत नसे. लग्नाच्या कागदावर दोन चौकोन होते. जुनं ठेवायचं की नवं घ्यायचं. मी नव्यावर खूण केली. कुणी बळजबरी केली नव्हती.’

‘ती माझ्यावरच्या प्रेमाने केलीस.’

‘प्रेम होतंच रे. पण खूण आडनाव बघून केली.’

मला ठसका लागला. बाईंनी पाणी दिलं.

ती सांगू लागली. ‘पोरं सुई बघून थरथरतात. आईला घट्ट धरतात. मी खाली बसते आणि म्हणते, माझं नाव पळपुटेबाई. पोरगं रडता रडता थांबतं. विचारतं, खरंच? मी म्हणते, खरंच, ही बघ छातीवर पाटी. ते अक्षरं लावत वाचायला लागतं, प, ळ, आणि तेवढ्यात सुई टोचून झालेली असते. परवा एक पोरगी दारातून परत आली आणि मला म्हणाली, तुम्ही पळाला का नाहीत? मी म्हटलं, सगळ्यांना टोचून झालं की पळते.’

साहेब म्हणाला, ‘हे तू मला कधी सांगितलं नाहीस.’

‘तू घरी येऊन आडनावाचा विषय काढतोस तेव्हा चेहरा असा करतोस की सांगावंसं वाटत नाही.’

‘म्हणजे तू सिंहगर्जे होणार नाहीस?’

‘मी कशाला गर्जू? पोरं घाबरतील.’

मुलगा दारात ब्रश पुसत उभा होता. तो म्हणाला, ‘बरं.’ कुणाला म्हणाला ते कळलं नाही.

कलम सहावे. वरील सर्व ऐकून आणि विचार करून मी आडनावाची व्यवस्था येणेप्रमाणे करते.

मी बाईंना विचारलं, मिळकत किती तऱ्हेची असते? त्या म्हणाल्या, वडिलोपार्जित आणि स्वकष्टार्जित. वडिलोपार्जितावर सगळ्या वारसांचा हक्क, स्वकष्टार्जित मात्र मालकाने ज्याला द्यावं त्याला. तर मग ऐका. पळपुटे हे आडनाव माझ्या बापाने मला दिलेलं नाही. मी परक्या घरातून आले, हे आडनाव अंगावर घेतलं, त्याची थट्टा झाली तेव्हा त्याच्या बाजूने भांडले, आणि दर दोनतीन वर्षांनी स्वतःच्या हाताने त्यात रंग भरला. पेंटरांना ते जन्माने मिळालं, मला कष्टाने. सबब माझ्यापुरतं हे आडनाव स्वकष्टार्जित आहे आणि ते कुणाला द्यायचं हा माझा एकटीचा हक्क आहे. बाईंनी चष्मा काढला, पुसला, आणि म्हणाल्या, ‘असं कुठल्या पुस्तकात नाही.’ मी म्हटलं, मग आता एका कागदात आलं.

ते आडनाव मी माझ्या नातसुनेला देते. तिनेही ते परक्या घरातून येऊन, डोळे उघडे ठेवून, खूण करून घेतलेलं आहे. तिच्या पोटातलं बाळ, मुलगा असो की मुलगी, आईचं आडनाव लावील. हजेरीत पोरं हसली तर हसू देत. मोकळ्यावर येऊन हसू देत. मोठं झाल्यावर त्याला बदलावंसं वाटलं तर ते त्याने स्वतः ठरवावं, आणि तेव्हा त्याने कुणाच्याही अंगठ्याची वाट बघू नये.

नातवाला मी घर, दुकान, डबे, पेटी यांतलं काही देत नाही. त्याला पगार आहे, बायको आहे. त्याला मी मोकळीक देते. तो त्याच्या कचेरीत रोज काय सोसतो ते मी सोसलेलं नाही. मला एकदा एकीने ठिपका म्हटलं आणि एक माणूस माझ्या बाजूने उभा राहिला. त्याच्या बाजूने बैठकीत कुणी उभं राहत नाही. म्हणून डब्याखालचा त्याचा कागद मी काढायला लावला, त्यातली बायकोची, बाळाची आणि दुकानाची ओळ बाईंकडून खोडून घेतली, आणि उरलेल्या, म्हणजे त्याच्या एकट्याच्या ओळीखाली अंगठा उमटवून कागद त्याच्या हातात दिला. त्याला सिंहगर्जे व्हायचं असेल तर त्याने खुशाल व्हावं. त्याच्या खोलीची पाटी मी स्वतः भरीन, आणि तो सिंह चांगला गुबगुबीत भरीन. एकाच घरात दोन आडनावं नांदली म्हणून छप्पर पडत नाही. कुणी त्याला यावरून टोचून बोललं तर त्याची गाठ माझ्याशी आहे, मी असेपर्यंत, आणि नंतर पाहुणीशी, जी जास्त वाईट आहे.

कलम सातवे. बाळाच्या नावाबद्दल. माझं नाव देऊ नये, मला स्वतःलाच त्याची सवय झाली नाही. पेंटरांचंही देऊ नये, ते एकदा वापरून झालं आहे आणि चांगलं वापरून झालं आहे. अर्थ शोधायला पुस्तक उघडू नये. आमच्याकडे अर्थ बघून ठेवलेली नावं कशी निघतात ते वर आलंच आहे. आधी बाळाकडे नीट बघावं. वाटल्यास उलटं धरून बघावं.

हे माझं पहिलं आणि शेवटचं मृत्युपत्र. याआधी मी रागाच्या भरात ‘तुला काही देणार नाही’ असं ज्याला ज्याला म्हटलं असेल ते सर्व रद्द समजावं, नणंदबाईंचं सोडून.

वाचनानंतरची पुरवणी. मला वाचता येत नसल्याने हा मजकूर मला मोठ्याने वाचून दाखवायला हवा होता. लेखनिकबाईंच्या वकिलांचा दंडक असा की ज्याला यात काही मिळत नाही, आणि जो साक्षीदार किंवा लेखनिकही नाही, अशाच माणसाने तो वाचावा. खोलीत तसा एकच माणूस होता.

साहेबाने खुर्ची ओढून, घसा खाकरून, कचेरीतल्या आवाजात वाचायला सुरुवात केली. झुरळापाशी थांबला, माझ्याकडे बघितलं, आणि वाचलं. पाचव्या कलमात ‘तो उठला आणि पळाला’ इथे आला. या खेपेला त्याला उठून जाता येईना, वाचायचं काम अंगावर होतं. ‘हातातल्या घासासकट,’ त्याने वाचलं. ‘ताट तिथेच टाकून.’ मुकादम बाहेर आला तिथे त्याचा कचेरीतला आवाज फुटला. पोट धरून हसत होते, हे वाचताना तो स्वतःच पोट धरून होता, आणि भिंत कोसळली ती ओळ दातांच्या डॉक्टरांना पुढे होऊन वाचावी लागली. दुसऱ्यांच्या आधी हसून घ्यायचं हसू कसं असतं ते मी त्याच्या तोंडावर बरीच वर्षं पाहिलं आहे. हे ते नव्हतं.

डोळे पुसून त्याने उरलेलं वाचलं, सहावं कलम हळू आवाजात वाचलं. मजकूर मी सांगितल्याप्रमाणे बरोबर आहे. अंगठ्याचा कागद त्याने घडी करून खिशात ठेवला. फाडला नाही. नाटकं करणारा तो नाही.

स्थळ: दुकानाची पुढची खोली, दार सताड उघडं.
दिनांक: वरच्या शिक्क्यावर आहे तो. वेळ दुपारची, चहाच्या आधीची.

लिहून ठेवणारी: (डाव्या हाताचा अंगठा) ठिपका. लाल रंगात, कारण शाई संपली.

साक्षीदार पहिले: (सही) दातांचे डॉक्टर, समोरच्या ओळीत. लिहून ठेवणारीने माझ्यासमक्ष अंगठा केला. दातही तपासले, उरलेले सगळे शाबूत आहेत.

साक्षीदार दुसरे: (सही) कुलूपवाला, डॉक्टरांच्या समोर. पेटी उघडून दाखवायला सांगितली होती, खरंच रिकामी आहे.

लिहून घेणारी: (सही) लेखनिक. खाडाखोड नाही. हसण्यामुळे हललेल्या ओळी दोन.

वाचून दाखवणारा: (सही) नातू, विमा कचेरी. आडनाव: पळपुटे, तूर्तास.